बिनघट

इंग्रजीतल्या ‘लॉसलेस’ या शब्दाला मराठीत काय म्हणावे, हा प्रश्न गेले काही महिने माझ्या डोक्यात घोळतो आहे. एखाद्या परिभाषाकाराच्या तावडीत तो सापडला, तर त्याचे ‘अनपह्रासी’ असे काहीतरी होईल आणि तो पुन्हा कोणी उच्चारणार नाही याची कायमची व्यवस्था लागेल. माझ्या मते हा शब्द आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या तयार आहे; फक्त तो गवयांकडे नसून सोनारांकडे आहे. जुनी पाटली मोडून नवी करायला दिली, की सोनार ती वितळवतो आणि इतके इतके गुंज गेले असे म्हणून ‘घट’ धरतो. ही घट किती, हे ठरवणार तो. ती खरोखर मुशीत गेली की आणखी कुठे, हे त्याला आणि त्याच्या मुशीला ठाऊक. आपण मान डोलवायची. तेव्हा ज्या गाण्यात अशी घट धरलेली नाही, ते गाणे ‘बिनघट’. शब्द कोणाला आवडला तर खुशाल वापरावा, मानधन नको.

हा शब्द एकाएकी आठवण्याचे कारण असे, की आजकाल जिकडे पाहावे तिकडे बिनघट गाण्याची दवंडी पिटली जात आहे. अ‍ॅपल म्युझिकने जून २०२१ मध्ये आपला गाण्यांचा साठा जादा दाम न घेता या स्वरूपात खुला केला. स्पॉटिफायने चार वर्षे विचार केला आणि सप्टेंबर २०२५ मध्ये तोच मार्ग धरला. आता ज्याच्या खिशात फोन आहे, तो आपण जणू ध्वनिमुद्रणाच्या खोलीतच बसलो आहोत अशा थाटात बोलू लागला आहे. माझ्या भाच्याचेच पाहा. परवा त्याने मला कानातले घालायला दिले, डोळे मिटायला सांगितले आणि विचारले, “मामा, जाणवतोय ना फरक?” असा प्रश्न ज्या सुरात विचारला जातो, त्या सुरात ‘नाही’ म्हणण्याची कोणाची छाती होईल?

पण फरक म्हणजे नेमका कशाचा? गेले महिनाभर मी एकच ध्वनिमुद्रिका घेऊन या प्रश्नाच्या मागे लागलो आहे. सुझॅन व्हेगा या अमेरिकन गायिकेची ‘सॉलिट्यूड स्टँडिंग’, १९८७ सालची. अकरा गाणी, चव्वेचाळीस मिनिटे. हजारो ध्वनिमुद्रिका सोडून हीच का, तर घटीच्या या सगळ्या व्यवहारात सोन्याचा कस जिच्यावर लावला गेला, ती कसोटीची काळी चीप म्हणजे या ध्वनिमुद्रिकेतले पहिलेच गाणे आहे. ती हकीकत सांगण्याआधी थोडा हिशेब.

कॉम्पॅक्ट डिस्कवर आवाज आकड्यांच्या रूपात उतरवलेला असतो. एका सेकंदात ४४,१०० वेळा आवाजाची उंची मोजायची, प्रत्येक मोजमाप सोळा बिटांत लिहायचे, आणि डाव्या-उजव्या कानासाठी हे सगळे दोनदा करायचे. गुणाकार केला की सेकंदाला १४,११,२०० बिट होतात. या मापाने आमची चव्वेचाळीस मिनिटे साधारण ४६६ मेगाबाइट जागा खातात. उलट एमपीथ्री नावाच्या प्रकारात, सेकंदाला १,२८,००० बिटांच्या नेहमीच्या दराने, तीच ध्वनिमुद्रिका बेचाळीस मेगाबाइटांत मावते. म्हणजे अकरा भागांतले दहा भाग घट! एवढी घट धरणारा सोनार आपल्या आळीत असता, तर गिऱ्हाइकांनी त्याचे दुकान केव्हाच उलथून टाकले असते. इथे मात्र गिऱ्हाइकांनी त्याची मिरवणूक काढली. २००० सालच्या आसपास फुटपाथवर मांडलेल्या त्या चकचकीत तबकड्या आठवतात ना? एकीत दीडशे गाणी, वर नट्यांची चित्रे आणि पन्नास रुपयांवरून सुरू होणारी घासाघीस. मीही त्या मनसोक्त घेतल्या आहेत. त्या गाण्यांतले अकरापैकी दहा भाग नाहीसे आहेत, असे तेव्हा मला किंवा इतर कोणाला कधी वाटल्याचे स्मरत नाही. सगळ्या प्रकरणाची गोम इथेच आहे.

आता ते गाणे. ‘टॉम्स डायनर’ हे त्याचे नाव. न्यूयॉर्कमध्ये ब्रॉडवे आणि ११२ वी गल्ली मिळतात त्या कोपऱ्यावर टॉम्स रेस्टॉरंट नावाची साधी खानावळ आहे; शेजारी कोलंबिया विद्यापीठ, आणि व्हेगाबाई शिकल्या ते बर्नार्ड कॉलेज पलीकडेच. गाण्यात घडत काहीच नाही. पावसाळी सकाळी एक जण कॉफी प्यायला येऊन बसतो, येणारी-जाणारी माणसे पाहतो, काचेबाहेर उभी असलेली एक बाई पाहतो, देवळाच्या घंटा ऐकतो आणि उठतो. व्हेगाबाईंचा एक छायाचित्रकार मित्र त्यांना म्हणाला होता, की आपण सारे जग जणू काचेतून पाहतो, आपला त्याच्याशी संबंधच येत नाही. त्यावरून त्यांना हे गाणे सुचले. मनात होते त्यासोबत पियानो वाजवावा. पण स्वतःला पियानो येत नव्हता आणि वाजवणारे कोणी ओळखीचे नव्हते. मग त्या तशाच गाऊ लागल्या. गिटार नाही, ढोल नाही, तंबोरासुद्धा नाही. दोन मिनिटे आणि काही सेकंद नुसता एका बाईचा गळा. कार्यक्रमाच्या आरंभी हे गाणे म्हटले की थिएटरातला गलका आपोआप थांबतो, हे लक्षात आल्यावर त्यांनी ध्वनिमुद्रिकेचा आरंभही त्यानेच केला.

इथून आपल्याला जर्मनीत जायचे आहे. न्यूरेंबर्गजवळ एरलांगेन नावाचे गाव आहे. तिथल्या विद्यापीठात डीटर झाइट्झर नावाचे प्राध्यापक होते. टेलिफोनच्या तारेवरून संगीत पाठवता यावे, असे त्यांच्या मनाने घेतले होते. पेटंटसाठी अर्ज केला, तेव्हा तपासणाऱ्या अधिकाऱ्याने ही गोष्ट अशक्य आहे असा शेरा मारून तो परत केला. झाइट्झरसाहेबांनी मग कार्लहाइन्झ ब्रांडेनबुर्ग या विद्यार्थ्याला त्या कामाला जुंपले. विद्यापीठ आणि गावातली फ्राउनहोफर संस्था यांच्या आश्रयाने १९८०च्या दशकाच्या अखेरीस जे यंत्र-गणित तयार झाले, तेच पुढचे एमपीथ्री.

त्याची युक्ती मोठी मार्मिक आहे. लग्नघरात बँड वाजत असताना मागच्या रांगेतल्या दोन मावश्या काय कुजबुजतात ते आपल्याला ऐकू येत नाही. कुजबुज हवेत असते, कानाच्या पडद्यावर येऊनही आदळते. पण बँड तिला गिळून टाकतो. त्यातही ढोलाचा आवाज ढोलाच्या आसपासच्या स्वरांना अधिक गिळतो, दूरच्यांना कमी. मोठा आवाज थांबल्यावरही कान क्षणभर बधिर असतो. कानाच्या या खोडी शास्त्रज्ञांनी माणसे बसवून मोजल्या होत्या, त्यांची कोष्टके तयार होती. ब्रांडेनबुर्ग आणि त्यांच्या सोबत्यांनी आवाजाचे ५७६ बारीक पट्ट्यांत तुकडे केले. आता प्रत्येक पट्टीतल्या आकड्याला किती काटेकोरपणे लिहायचे आणि कुठे तो ढोबळ करून टाकायचा, हे त्या कोष्टकांवरून ठरवायचे. ढोबळ केल्याने चूक होते, चुकीची खरखर होते. पण ती खरखर मोठ्या आवाजाच्या पट्टीखाली सरकवून द्यायची. आमच्या लहानपणी पाहुणे दारात दिसले की केर सतरंजीखाली लोटण्याची पद्धत होती. तेच हे, फक्त गणिताने केलेले. केर घरातच असतो, पाहुण्याला दिसत नाही, आणि पाहुणे गेल्यावर सतरंजी कोणी उचलत नाही.

वाद्यवृंद चालला, पियानो चालला, ढोलताशे तर झकास चालले. मग ब्रांडेनबुर्ग यांनी ‘टॉम्स डायनर’ लावून पाहिले, आणि त्या बाईच्या गळ्याचा पार चोथा झाला.

का, ते उघड आहे. इथे सतरंजीच नव्हती! सारवलेली मोकळी जमीन, तीवर केर लपवणार कुठे? शिवाय आणखी एक भानगड होती. एकट्या गळ्याचा आवाज दोन्ही बाजूंना सारखाच असतो, म्हणून तो आपल्याला बरोबर मध्यावर ऐकू येतो. पण यंत्र डावी बाजू वेगळी आणि उजवी वेगळी ढोबळ करत होते, त्यामुळे खरखर दोन्ही कानांत निरनिराळी पडे. गाणे मध्ये आणि केर दोन्ही कडांना! एका कानाने कदाचित फसलो असतो. पण दोन कान मिळून अशी चोरी तत्काळ पकडतात. देवाने कान दोन दिले ते केवळ चष्म्याच्या दांड्या अडकवायला नव्हेत.

ब्रांडेनबुर्ग हे गाणे शेकडो वेळा, पुन्हा पुन्हा ऐकत बसले. नियम बदलायचा, ऐकायचे. पुन्हा बदलायचा, पुन्हा ऐकायचे. डावे-उजवे वेगळे न धरता दोहोंची बेरीज आणि वजाबाकी घेतली, की मध्यावरचा गळा सांभाळता येतो, हा त्यातला एक मोठा उपाय. अखेर बाईंचा गळा शाबूत उतरू लागला. या पद्धतीचे आंतरराष्ट्रीय प्रमाण १९९२ मध्ये ठरले, आणि फाइलीच्या शेपटीला ‘एमपीथ्री’ म्हणायचे हे जुलै १९९५ मध्ये. पुढचा इतिहास तुम्हाआम्हाला फुटपाथवर भेटला आहेच. सुझॅन व्हेगांना लोक तेव्हापासून ‘एमपीथ्रीची आई’ म्हणतात. अपत्यजन्माची वार्ता आईला फार उशिरा कळली, एवढाच काय तो फरक.

या आईची आणि तिच्या सुईणींची भेटही झाली. व्हेगाबाईंना त्या संस्थेत बोलावून आधीचे बिघडलेले नमुने ऐकवले गेले आणि मग अखेरचे निर्मळ एमपीथ्री. त्यांनी २००८ साली यावर एक खुसखुशीत लेख लिहिला. त्या म्हणतात, मला मूळ गाणे जरा अधिक भरदार वाटले, तसे मी भीत भीत बोललेही. त्यावर तिथल्या तज्ज्ञाचा चेहरा पाहण्यासारखा झाला. फरक नाही म्हणजे नाही, असे त्याने बजावले. माझ्या मते हा एक मोठा विनोदी प्रवेश आहे. गळा जिचा, ती म्हणते काहीतरी गेले. ज्याने काढून घेतले तो म्हणतो, बाई, काही गेलेले नाही, आमच्याकडे कोष्टके आहेत. आणि दोघेही प्रामाणिक!

कोण बरोबर, हे पाहण्यासाठी मी भाच्याला वेठीस धरले. त्याची ती महागडी बिनतारी कानातली आधी बाजूला ठेवायला लावली. कारण हौशी मंडळींना सहसा ठाऊक नसलेली गोष्ट अशी, की ब्लूटूथच्या बहुतेक कानातल्यांत फोनमधून निघालेले गाणे हवेतून जाताना पुन्हा घट धरूनच जाते. शंभर नंबरी सोने आणायचे आणि उंबरठ्यावर त्यात तांबे मिसळून घरात घ्यायचे, असा तो प्रकार. तेव्हा कपाटातून जुना तारेचा हेडफोन काढला, एकाच तबकडीवरून चार प्रकार बनवले: एक बिनघट, बाकीचे सेकंदाला २५६, १२८ आणि ६४ हजार बिटांचे. भाच्याने माझ्याकडे पाठ करून हवा तो लावायचा, मी ओळखायचा. आवाजाची पातळी सगळ्यांची सारखी. किंचित मोठे वाजलेले कानाला नेहमीच चांगले वाटते, आणि दुकानदारांना हे गुपित फार पूर्वीपासून ठाऊक आहे.

चौसष्टचा चोर पहिल्या कडव्यातच पकडला गेला. ‘स’ आणि ‘ट’ या अक्षरांच्या कडा बोथट, दोन शब्दांमधला श्वास पाण्याखालून आल्यासारखा. एकशे अठ्ठावीसला ‘टॉम्स डायनर’मध्ये कधी ओळखले, कधी नाही. शब्द संपल्यावर जो बारीकसा घुमारा मागे रेंगाळतो, त्याच्या शेपटीकडे लक्ष दिले तर पत्ता लागे. पण दुसरे गाणे ‘लूका’ लावले, गिटार आणि ढोल आले, सतरंजी अंथरली गेली, आणि माझी सगळी चतुराई संपली. दोनशे छप्पन्न आणि बिनघट यांत तर माझी उत्तरे इतकी समसमान पडली, की भाचा म्हणाला, “मामा, नाणं उडवलं असतं तरी एवढेच मार्क मिळाले असते. आणि वेळ वाचला असता.”

माझा कान साठी उलटलेला आहे, वरच्या स्वरांचा दरवाजा वयाबरोबर मिटत जातो, हे मान्य. मग खुर्च्या बदलल्या. भाच्याचा कान पंचविशीतला. दोनशे छप्पन्नशी त्याचीही तीच गत झाली. आपल्याला ‘फरक जाणवतोय ना’ असे विचारणारा तो प्रश्न त्याने त्यानंतर पुन्हा विचारला नाही. आमच्यावर हसण्याचे कारण नाही. अमेरिकेत मेयर आणि मोरान या दोन गृहस्थांनी २००७ साली याहून वरच्या दर्जाची परीक्षा प्रसिद्ध केली. कॉम्पॅक्ट डिस्कपेक्षाही बारीक मोजमापाचा आवाज आणि साधा डिस्कचा आवाज, यांत फरक ओळखायचा. ऐकणारे चांगले सराईत होते. ५५४ प्रयत्नांत २७६ उत्तरे बरोबर आली. म्हणजे नाणेच. तरीही सोन्याचा मुलामा दिलेली वायर आणि तिच्याखाली ठेवायचे चंदनी ठोकळे विकणारे लोक सुखाने दिवाळी साजरी करतात, ते करोत. जे ऐकू येते असे सांगून पैसे घेतले जातात, त्यातले पुष्कळसे गिऱ्हाइकाच्या कानात नसून पावतीवर असते.

तेव्हा जर्मन तज्ज्ञ जिंकला म्हणायचा? कानाच्या कोर्टात, बव्हंशी, होय. पण हा दिवाणी दावा आहे, आणि त्याचे दुसरे कोर्ट आहे.

बिनघट प्रकार काय करतो ते पाहा. यातला प्रसिद्ध म्हणजे फ्लॅक. २००१ साली तो सर्वांना फुकट खुला झाला. तोही जागा वाचवतो, बहुधा निम्म्याच्या आसपास, पण काही न टाकता. शाळेतल्या मास्तरांना सबंध वर्गाची नावे रोज लिहावी लागत नाहीत. हजेरीपट छापलेला असतो, गैरहजर तेवढे टिपले की झाले. फ्लॅक तसेच करतो. आवाजाचे मागचे आकडे दहा, बारा, चौदा असे असतील, तर पुढचा सोळा असेल असा अंदाज बांधायचा. प्रत्यक्षात तो सतरा निघाला, तर सतरा न लिहिता चुकलेला एक तेवढा लिहायचा. वाजवणारे यंत्रही तोच अंदाज बांधते, त्यात एक मिळवते आणि सतरा परत आणते. एकूण एक आकडा जिथल्या तिथे. त्याला कानाची कोष्टके लागत नाहीत. ऐकणारा मनुष्य आहे की मांजर, याच्याशीही कर्तव्य नसते. एमपीथ्रीत जे गेले ते गेले. त्या फाइलीवरून दुसरी, दुसरीवरून तिसरी केली, की प्रत्येक खेपेस नवा सोनार नवी घट धरतो. आणि ताकाचे पुन्हा दूध करण्याची विद्या अजून एरलांगेनमध्येही निघालेली नाही.

यात काय मोठेसे, असे कोणी म्हणेल. आमच्या घराण्यात काय झाले ते सांगतो. माझ्या आत्याला जात्यावरच्या ओव्या येत. किती, याची मोजदाद नाही. पहाटे बसली की दळण संपे, ओवी संपत नसे. १९८३ साली तिच्या जावयाने टेपरेकॉर्डर नेऊन जात्याशेजारी ठेवला आणि दीड तासाची कॅसेट भरून घेतली. आत्या पुढे तीन वर्षांनी गेली. कॅसेट राहिली. २००४ च्या सुमारास तिच्या मुलीने ती तालुक्याच्या गावी एका दुकानदाराला डिस्कवर उतरवायला दिली. तो काळ जागा वाचवण्याचा. त्याने ती चौसष्टच्याही खालच्या दराने उतरवली, वर कोपऱ्यात गणपतीचे चित्र छापून दिले, आणि आता डिस्कवर आले ना, मग जुन्या फितीला बुरशी धरते, असे सांगून कॅसेट टाकून दिली. त्या डिस्कवर आत्या गाते. शब्द कळतात. पण जात्याची घरघर चूळ भरल्यासारखी येते. आणि ओळ संपल्यावर खुंटा ओढताना ती जो दम घेई, त्या जागी बुडबुडे आहेत. कोष्टकांच्या मते तिथे महत्त्वाचे काही नव्हते. आम्हा चौघा-पाच जणांच्या मते तिथे आत्या होती.

आता कोणी कितीही हजारांचे यंत्र आणले, तरी तो दम परत येणार नाही. एमपीथ्री या गोष्टीवर माझा राग नाही. जगातल्या गरीब कानांपर्यंत तिने जेवढे संगीत पोचवले तेवढे कोणत्याही विद्यापीठाने पोचवले नसेल. चालता-फिरता ऐकायला ती उत्तम आहे. माझे म्हणणे एवढेच, की मूळ प्रत घरात असू द्या आणि तिची नक्कल बाहेर मिरवू द्या. ज्यांच्या घरी अशी एखादी कॅसेट आहे, त्यांनी ती उतरवून घेताना दुकानदाराला ‘फ्लॅक’ हा शब्द ऐकवावा. त्याला कळला नाही तर ‘वेव्ह’ म्हणावे. ते जागा जास्त खाते, पण तेही बिनघटच. आणि फीत परत मागून घ्यावी.

व्हेगाबाईंचे सुदैव, की त्यांच्या गाण्याची बिनघट प्रत उरली. म्हणूनच एक मजेदार प्रयोग होऊ शकला. व्हर्जिनिया विद्यापीठात संगीत शिकणाऱ्या रायन मॅग्वायर नावाच्या तरुणाने ‘टॉम्स डायनर’ची मूळ प्रत घेतली, त्यातून एमपीथ्री वजा केली, आणि जी बाकी उरली तिचेच एक गाणे बनवले. इंग्रजी नावातली अक्षरे उलटसुलट करून त्याला ‘मॉडर्निस्ट’ असे नाव दिले. सतरंजी उचलून केर दाखवण्याचा हा उद्योग! ते मी ऐकले आहे. एखाद्या रिकाम्या वाड्यात कोणी बाई दूरच्या खोलीत गुणगुणते आहे, दारे उघडतात, मिटतात, शब्द धरू जावे तो विरतो, असा तो आवाज आहे. केर म्हणावे तर त्यातही गळा तिचाच.

सगळ्या परीक्षा आटोपल्यावर एका रात्री मी ती ध्वनिमुद्रिका नुसती ऐकली. बिनघट, तारेच्या हेडफोनातून, हातात कागद-पेन्सिल न घेता. ‘लूका’ हे तिच्यातले सर्वांत गाजलेले गाणे. १९८७ साली अमेरिकेत ते तिसऱ्या क्रमांकापर्यंत चढले होते. चाल इतकी हसरी की पाय ठेका धरतो, आणि बोलतो आहे वरच्या मजल्यावरचा एक पोर, ज्याला घरात मार बसतो आणि ज्याला वाटते की शेजाऱ्यांनी त्याबद्दल काही विचारू नये. लोकांनी त्यावर नाच केले. त्या पोराच्या आवाजात जो सपाटपणा बाईंनी ठेवला आहे, रडे नाही, तक्रार नाही, तो कोणत्याही बिटांत पोचतो. फुटपाथवरच्या तबकडीतही पोचला होता.

शेवटून दुसरे गाणे कास्पर हाउझरवर आहे. हा मुलगा १८२८ साली न्यूरेंबर्गच्या चौकात अचानक उभा राहिला. चालणे धड नाही, बोलणे धड नाही. पुढे त्याने सांगितले, की आपण जन्मभर एका अंधाऱ्या कोठडीत होतो आणि सोबतीला एक लाकडी घोडा होता. न्यूरेंबर्ग म्हणजे एरलांगेनच्या अगदी शेजारचे गाव. बाईंनी हे गाणे रचले, तेव्हा त्याच मुलखात कोणी आपल्या गळ्याची चिरफाड करणार आहे, याची त्यांना कल्पना असण्याचे कारण नव्हते. योगायोगच, पण रात्री अकरा वाजता असले योगायोग दिवसापेक्षा मोठे दिसतात.

आणि मग अगदी शेवटी ‘टॉम्स डायनर’ची चाल पुन्हा येते. या वेळी वाद्ये आहेत, बाई गात नाहीत. पहिल्या गाण्यात नुसता गळा होता, इथे गळ्याखेरीज बाकी सगळे आहे. जिच्यासाठी जर्मनीत माणसे वर्षानुवर्षे झटली, ती जागा इथे मोकळी सोडलेली आहे, आणि वाद्ये तिच्या भोवतीने वाजत राहतात. एवढ्यात भाचा डोकावला आणि एक कान उचलून म्हणाला, “मामा, हे कितीचं चाललंय? दोनशे छप्पन्न?” मी त्याला बोट ओठांवर ठेवून गप्प केले. अजून अर्धे मिनिट बाकी होते.